‘लागली’, ‘लावली’ आणि ‘लागू दिली’ : अग्निप्रतिबंधक अनुबोधपटांच्या इतिहासाकडे एक दृष्टिक्षेप

आगीविषयी बोलताना मराठी माणूस बहुधा एकच क्रियापद वापरतो. आग ‘लागते’. भूक लागते, झोप लागते, ठेच लागते, त्याप्रमाणेच आगही लागते. या वाक्यात कर्ता शोधू गेल्यास आगीखेरीज दुसरे काही हाती येत नाही. याच धातूचे प्रयोजक रूप घेऊन ‘आग लावली’ असे म्हटले की मात्र वाक्याचा नूर पालटतो. तेथे माणूस येतो, हेतू येतो आणि पाठोपाठ गुन्हाही येतो. या दोन टोकांच्या मध्ये ‘आग लागू दिली’ असा एक तिसरा प्रयोग भाषेला उपलब्ध आहे. वस्तुतः जगातील बहुसंख्य आगी या तिसऱ्या प्रकारच्या असतात. कुलूपबंद दार, उघडा जिना, गंजीशेजारी रचलेला ज्वालाग्राही माल ही त्यांची कारणे होत. तरीही बोलण्यात हा प्रयोग क्वचितच ऐकू येतो. आगीपासून सावध राहण्याचे शिक्षण लोकांना चित्रपटाच्या द्वारे देण्याचे जे प्रयत्न विसाव्या शतकात झाले, त्यांचा इतिहास या तिसऱ्या क्रियापदाच्या शोधाचा इतिहास आहे, असे म्हणण्यास जागा आहे.

चित्रपटाला आगीचे आकर्षण अगदी बाल्यावस्थेपासून होते. जेम्स विल्यम्सन याने इंग्लंडातील होव्ह येथील अग्निशामक दलाला घेऊन १९०१ साली ‘फायर!’ हा लघुपट काढला. १९०३ साली अमेरिकेत एडविन पोर्टर याचा ‘लाइफ ऑफ ॲन अमेरिकन फायरमन’ आला. या दोन्ही चित्रांत घोडे उधळतात, बंब धावतो, शिडी लागते आणि माणूस वाचतो. आग का लागली, हा प्रश्न त्यांत उपस्थित होत नाही. यात नवल काही नाही. विझवणे ही दिसणारी क्रिया आहे, प्रतिबंध ही न दिसणारी. जी आग लागलीच नाही तिचे चित्रण कॅमेऱ्याला करता येत नाही. अग्निप्रतिबंधक अनुबोधपटापुढील ही मूळ अडचण आजतागायत संपलेली नाही.

दुसरी अडचण अधिक विलक्षण होती. ज्या फितीवर हे धडे छापावयाचे ती फीतच पेटणारी होती. प्रारंभीच्या चित्रफिती सेल्युलोज नायट्रेटच्या असत. हा पदार्थ जळताना लागणारा प्राणवायू स्वतःच पुरवतो, त्यामुळे एकदा पेटलेली फीत पाण्यात बुडवूनही विझत नाही. ४ मे १८९७ रोजी पॅरिसमधील एका धर्मादाय बाजारात चित्रप्रक्षेपणाच्या ईथरच्या दिव्यापासून भडका उडाला आणि एकशेवीसहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. त्यांत उच्चकुलीन स्त्रियांचा भरणा होता. ब्रिटनमध्ये १९०९ साली झालेला सिनेमॅटोग्राफ कायदा मुळात आगीच्या भीतीतून जन्मला. प्रक्षेपणयंत्र अग्निरोधक खोलीत असावे, हा त्याचा गाभा होता. या कायद्याने स्थानिक संस्थांच्या हाती परवान्याचा जो अधिकार आला, त्याचाच वापर पुढे चित्रपटात काय दाखवावे व काय दाखवू नये हे ठरविण्यासाठीही होऊ लागला. ब्रिटिश चित्रपट-नियंत्रणाच्या मुळाशी अशा रीतीने आगीची भीती सापडते, ही गोष्ट सेन्सॉरवर टीका करणारांच्या ध्यानी सहसा येत नाही. हिंदुस्थानातील १९१८ चा सिनेमॅटोग्राफ कायदाही प्रेक्षागृहाचा परवाना आणि चित्राचे प्रमाणपत्र या दोन्ही गोष्टी एकाच छत्राखाली आणतो.

प्रतिबंधाचा विषय चित्रपटात ठळकपणे आला तो एका भयंकर दुर्घटनेनंतर. २५ मार्च १९११ रोजी न्यूयॉर्कमधील ट्रायँगल या कपड्यांच्या कारखान्यात आग लागून १४६ कामगार दगावले. त्यांतील बहुतेक जणी युरोपातून नुकत्याच आलेल्या ज्यू व इटालियन तरुणी होत्या. नवव्या मजल्यावरील एक दार कुलूपबंद होते. कारखान्याच्या दोन्ही मालकांवर खटला झाला आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात ते निर्दोष सुटले. त्यानंतर एका वर्षाने, १९१२ साली, एडिसन कंपनीने ‘द क्राइम ऑफ केअरलेसनेस’ हे एका रिळाचे चित्र काढले. त्याचे कथानक जेम्स ऑपेनहाइम याचे होते. परंतु त्यामागील प्रेरणा आणि सहकार्य कारखानदारांच्या राष्ट्रीय संघटनेचे होते, ही गोष्ट विसरता येत नाही.

हे चित्र काटेकोर अर्थाने अनुबोधपट नव्हे, ती एक बोधकथा आहे. एका गिरणीत काम करणारा तरुण आणि त्याची वाग्दत्त वधू ही त्यातील मुख्य पात्रे. तपासनिसाने दिलेल्या सूचनांकडे मालक दुर्लक्ष करतो. तरुण मनाई असताना धूम्रपान करतो व त्याच्या हातून पडलेल्या ठिणगीने गिरणी पेटते. बंद दारामागे सापडलेली तरुणी कशीबशी वाचते, पण अपंग होते. तरुणाला कोठेही काम मिळेनासे होते. शेवटी ती तरुणीच मालकासमोर उभी राहून दोष दोघांचाही आहे असे त्याला सुनावते, मालकाला पश्चात्ताप होतो आणि समेट घडून येतो.

वरवर पाहता हा निवाडा समतोल वाटतो. परंतु चित्राच्या नावातच त्याची तराजू एका बाजूला झुकलेली आहे. ‘निष्काळजीपणा’ हे भाववाचक नाम असे आहे की त्यात ठिणगी टाकणारा आणि दाराला कुलूप लावणारा असे दोघेही मावतात, आणि मावताना एकाच मापाचे होतात. ठिणगी ही क्षणाची चूक असते. कुलूप मात्र रोज सकाळी विचारपूर्वक लावले जाते, कारण कामगारांनी वेळेआधी बाहेर पडू नये आणि माल चोरून नेऊ नये असे मालकाला वाटत असते. पहिल्याला निष्काळजीपणा म्हणता येईल. दुसऱ्याला काळजी म्हणावी लागेल, फक्त ती मालाची काळजी होय. या चित्राने घालून दिलेला साचा पुढे अनेक दशके टिकला. आगीचा धडा म्हणजे सामान्य माणसाच्या हातातील काडीचा धडा, हे समीकरण त्यात रूढ झालेले दिसते.

१९२३ साली कोडॅक कंपनीने सोळा मिलिमीटरची फीत बाजारात आणली. ती ॲसिटेटची, म्हणजे सहज न पेटणारी होती, आणि तिला नावच ‘सुरक्षित फीत’ असे पडले. अग्निरोधक खोलीची अट तिला लागू करण्याचे कारण उरले नाही, आणि शाळेच्या वर्गात, देवळाच्या सभामंडपात, कारखान्याच्या आवारात, गावाच्या चावडीपुढे चित्रपट दाखविणे शक्य झाले. लोकशिक्षणाच्या चित्रपटाचा सारा पुढील विस्तार या फितीवर झाला आहे.

दुसऱ्या महायुद्धाने या प्रकाराला एक अपवादात्मक काळ दिला. २९ डिसेंबर १९४० च्या रात्री लंडनच्या जुन्या शहरावर आगीच्या बाँबचा वर्षाव झाला. बहुतेक कचेऱ्या व गोदामे सुटीमुळे बंद होती आणि छपरावर पडलेला लहानसा बाँब वेळीच विझविण्यास तेथे कोणी नव्हते. मॅग्नेशियमचा हा बाँब सुमारे एक किलो वजनाचा असे. वाळूची पिशवी, पाण्याची बादली आणि पायाने धरून हाताने मारावयाचा छोटा पंप एवढ्या साधनांनी शेजारपाजारच्यांना तो आवरता येत असे. यानंतर इमारतींवर पहारा ठेवणे सक्तीचे झाले आणि हा पंप कसा मारावा, बाँबपाशी कसे सरकत जावे हे शिकविणारी चित्रे निघाली. विल हे या लोकप्रिय विनोदी नटाला घेऊन १९४२ साली काढलेला ‘गो टू ब्लेझेस’ हा लघुपट त्यांपैकी एक. येथे घरच्या माणसाला उद्देशून आज्ञार्थी क्रियापदे वापरणे सर्वस्वी योग्य होते. बाँब टाकणारा कर्ता कोण, याविषयी कोणाच्या मनात संदेह नव्हता आणि विझविणाराच्या हाती खरोखरच काही करण्याची शक्ती होती. दोष आणि कर्तव्य यांची इतकी स्वच्छ वाटणी शांततेच्या काळात क्वचितच आढळते.

या काळातील सर्वश्रेष्ठ कृती म्हणजे हंफ्री जेनिंग्ज याचा ‘फायर्स वेअर स्टार्टेड’. क्राउन फिल्म युनिटने काढलेले हे चित्र १९४३ साली प्रदर्शित झाले. त्यातील माणसे नट नव्हेत. ती साहाय्यक अग्निशामक दलात प्रत्यक्ष काम केलेली माणसे होत. दलात नव्याने दाखल होणाऱ्या शिपायाची भूमिका करणारा विल्यम सॅन्सम हा पुढे कथालेखक म्हणून नावारूपाला आला. एक दिवस आणि एक रात्र एवढाच कथेचा काल आहे. दिवसा नळ्या तपासणे, बंब पुसणे, दूरध्वनीवर बसलेल्या स्त्रियांचे काम. रात्री नदीकाठच्या गोदामाची आग. गोदामाला लागूनच दारूगोळ्याने भरलेले जहाज उभे आहे. ते वाचते, एक जवान मरतो, आणि त्याच्या अंत्ययात्रेबरोबरच ते जहाज समुद्राकडे निघालेले दिसते. चित्राचे शीर्षक युद्धकालीन सरकारी निवेदनांच्या ठशातले आहे. ‘आगी लावल्या गेल्या’ या कर्मणी प्रयोगात शत्रूचे नाव घेण्याचीही गरज वाटलेली नाही, आणि चित्राने आपले सारे लक्ष विझविणाऱ्यांवर ठेवले आहे. या चित्रात प्रतिबंधाचा उपदेश जवळजवळ नाही. तथापि आगीशी झुंजणे हे एकट्या वीराचे काम नाही, तो निरोप, नकाशे, पाण्याचे साठे आणि ठरलेला क्रम यांचा व्यवहार आहे, ही गोष्ट ते इतक्या शांतपणे दाखविते की प्रशिक्षणासाठी म्हणून काढलेली कित्येक चित्रे त्यापुढे फिकी पडतात.

हे चित्र प्रदर्शित झाल्यानंतर वर्षभराने मुंबईत जे घडले त्यात जहाज वाचले नाही. ‘फोर्ट स्टिकीन’ हे जहाज बर्कनहेडहून स्फोटके घेऊन निघाले. कराचीत त्यावर कापसाच्या गासड्या चढविण्यात आल्या आणि १२ एप्रिल १९४४ रोजी ते मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत येऊन लागले. सुमारे चौदाशे टन स्फोटके आणि हजारो गासड्या कापूस एकाच जहाजाच्या पोटात होता. धोक्याचा माल असल्याची खूण म्हणून लावावयाचे तांबडे निशाण त्यावर नव्हते. १४ एप्रिलच्या दुपारी कापसातून धूर निघू लागला. बंब आले, पाण्याचा मारा सुरू झाला, परंतु गोदी रिकामी करण्याचा निर्णय वेळेवर झाला नाही. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला आणि त्यानंतर सुमारे अर्ध्या तासाने दुसरा स्फोट झाला. अग्निशामक दलाचे ६६ जवान मृत्युमुखी पडले. गोदीत आणि मांडवी-मशीद बंदरच्या वस्तीत शेकडो माणसे मेली व हजारो बेघर झाली.

या घटनेपासून काय शिकावयाचे ते उघड होते. परंतु ते तत्काळ शिकविता येणे शक्य नव्हते, कारण युद्धकालीन नियंत्रणामुळे वृत्तपत्रांतून या बातमीला मोकळी वाट मे महिन्यापर्यंत मिळाली नाही. ज्या शहराच्या अंगणात धातूचे तुकडे आणि सोन्याच्या विटा पडल्या होत्या, त्या शहराला काय घडले हे छापील अक्षरात वाचण्यासाठी आठवडे थांबावे लागले. त्या वेळी इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया ही सरकारी संस्था चित्रे काढीत होती आणि १९४३ पासून चित्रपटगृहांत ती दाखविणे सक्तीचेही होते. म्हणजे यंत्रणा होती, प्रेक्षक होते, विषय दाराशी आला होता. मोकळीक तेवढी नव्हती. पुढे स्वतंत्र भारतात १४ एप्रिल हा दिवस अग्निशमन सेवा दिन म्हणून व १४ ते २० एप्रिल हा सप्ताह म्हणून पाळला जाऊ लागला. हुतात्म्यांचे हे स्मरण यथायोग्यच आहे. मात्र स्मरणाच्या भरात कापूस आणि स्फोटके एकत्र भरणारा निर्णय मागे पडतो आणि विझविताना मेलेल्यांचे शौर्य पुढे येते. विल्यम्सनच्या १९०१ मधील चित्राचीच ही परंपरा होय.

‘लागू दिली’ या क्रियापदाला चित्रपटात खरी जागा मिळाली ती लॉस एंजेलिसमध्ये, आणि निमित्त झाले शिकागोचे. १ डिसेंबर १९५८ रोजी शिकागोतील ‘अवर लेडी ऑफ द एंजल्स’ या शाळेत तळघरातील जिन्याच्या पायथ्याशी आग लागली. ९२ मुले आणि ३ जोगिणी मृत्यू पावल्या. जिना वरपर्यंत उघडा होता. दुसऱ्या मजल्यावर त्याला दार नव्हते आणि धूर धुराड्यातून चढावा तसा वर चढला. लक्षात घेण्याजोगी गोष्ट ही की शाळेने कायदा मोडलेला नव्हता. नवे नियम जुन्या इमारतींना लागू नव्हते आणि काही आठवड्यांपूर्वीच्या तपासणीत ती उत्तीर्ण झाली होती.

पुढील वर्षी लॉस एंजेलिसच्या अग्निशामक दलाने एक रिकामी जुनी शाळा घेतली आणि तीत पुनःपुन्हा आगी लावल्या. येथे ‘लावल्या’ हे क्रियापद सन्मानाने वापरावे लागते. उष्णता, धूर आणि दृश्यता यांची प्रत्येक वेळी मोजणी झाली. उघड्या जिन्याच्या इमारतीत उष्णता असह्य होण्याच्या बरीच आधी, काही मिनिटांतच, धुराने वाट दिसेनाशी होते आणि आपोआप पाणी फवारणारी यंत्रणा असल्यास चित्र पालटते, असे निष्कर्ष निघाले. याच सुमारास त्या दलाने ‘अवर ऑब्लिगेशन’ हा बोधपट काढला. त्यात शाळेच्या आगीचा प्रसंग उभा केला आहे, आणि त्याचा रोख विद्यार्थ्यांकडे नसून शाळा चालविणाऱ्या व त्यासाठी पैसा मंजूर करणाऱ्या प्रौढांकडे आहे.

या शीर्षकाचा मराठी अनुवाद करू पाहणारास एक पेच पडतो, आणि तो पेच उद्बोधक आहे. इंग्रजीतील प्रथमपुरुषी अनेकवचन श्रोत्याला आत घेते की बाहेर ठेवते, हे शब्दावरून कळत नाही. मराठीत ते टाळता येत नाही. ‘आमचे कर्तव्य’ म्हटले तर ते अग्निशामक दलाचे राहते आणि प्रेक्षक निश्चिंत होऊन घरी जातो. ‘आपले कर्तव्य’ म्हटले तर प्रेक्षकही बांधला जातो, पण त्याबरोबर सर्वांचे म्हणून कोणाचेच नाही अशी पळवाटही उघडते. तिसरा मार्ग ‘तुमचे कर्तव्य’ असा, आणि चित्राचा खरा आशय त्याच्या अधिक जवळ आहे. फक्त त्यातील ‘तुम्ही’ म्हणजे शाळामंडळ होय.

त्याच दलाने १९६२ साली ‘डिझाइन फॉर डिझास्टर’ हा अनुबोधपट काढला. ६ नोव्हेंबर १९६१ रोजी बेल एअर व ब्रेंटवुड या धनिक वस्त्यांत कोरड्या वाऱ्याने भडकलेल्या वणव्यात ४८४ घरे भस्मसात झाली होती. लाकडी फळ्यांनी शाकारलेली छपरे, झुडुपांनी वेढलेल्या टेकड्यांना बिलगून बांधलेली घरे, अरुंद वळणांचे रस्ते हे सारे कॅमेरा एकामागून एक दाखवितो. शीर्षकातील ‘आराखडा’ हा शब्द जाणूनबुजून योजलेला आहे. ‘निष्काळजीपणा’पासून ‘आराखड्या’पर्यंतचा हा प्रवास पन्नास वर्षांचा आहे. चित्रामुळे प्रश्न सुटला असे मात्र नव्हे. त्याच नगरीत जानेवारी २०२५ मध्ये पॅसिफिक पॅलिसेड्सच्या वणव्यात सहा हजारांहून अधिक वास्तू जळाल्या.

भारतात १९४८ साली फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली. तिचे ठाणे मुंबईत होते. परवान्याच्या अटीनुसार प्रत्येक खेळाला मान्य लघुपट दाखविणे चित्रपटगृहांना बंधनकारक असे. खेड्यापाड्यांत सोळा मिलिमीटरचे प्रक्षेपक घेऊन फिरणाऱ्या गाड्या जात. प्रारंभीच्या काळात निवेदनाच्या भाषा इंग्रजी, हिंदी, बंगाली, तमिळ व तेलुगू अशा मोजक्या होत्या, इतर भाषांची भर नंतर पडत गेली. म्हणजे ज्या नगरीत ही चित्रे तयार होत, तेथील गिरणगावातला प्रेक्षक ती पहिल्याने परभाषेत ऐके. आगीच्या धड्यात भाषेचे महत्त्व अन्य विषयांहून अधिक आहे. ‘निर्गमनद्वार’ म्हणजे बाहेर पडण्याचे दार, हे धुरात समजून घेण्यास सवड नसते. मुंबईच्या चाळीतील माणसाने ‘बंब’ हा सुटसुटीत शब्द केव्हाच पचविला होता. निवेदक ‘अग्निशामक वाहन’ म्हणतो तेव्हा त्याला ते कोठल्यातरी दुसऱ्याच शहरात धावत असल्यासारखे वाटते.

घरगुती आगीच्या धड्याची दुसरी बाजू अधिक गंभीर आहे. रॉकेलचा स्टोव्ह घरोघर होता त्या दशकांत त्याच्याविषयीच्या सूचना सर्वज्ञात होत्या : पेटत्या स्टोव्हमध्ये रॉकेल ओतू नये, नायलॉनची साडी नेसून स्वयंपाक करू नये, पदर खोचून घ्यावा. प्रत्येक सूचना खरी आणि उपयुक्त होती. परंतु त्याच काळात वृत्तपत्रांतून ‘स्टोव्हचा भडका उडून’ विवाहिता मरण पावल्याच्या बातम्या एकाच साच्यात येत असत. या वाक्यात भडका स्वतःच उडतो. १९७० नंतरच्या दशकाच्या अखेरीस स्त्रियांच्या चळवळीने या व्याकरणाला आव्हान दिले आणि भडका स्वयंपाक करणाऱ्या सासूच्या अंगावर न उडता सुनेच्याच अंगावर का उडतो, हा प्रश्न विचारला. १९८३ साली भारतीय दंडसंहितेत ४९८-अ आणि १९८६ साली ३०४-ब ही कलमे आली. सुरक्षिततेच्या सूचनांनी या मृत्यूंना आडोसा दिला असे म्हणणे अन्यायाचे होईल. परंतु मेलेल्या स्त्रीलाच पदर सांभाळता आला नाही असे मानण्याची सवय या सूचनांच्या आज्ञार्थातून बळावली असल्यास त्यात आश्चर्य नाही. येथे प्रश्न ‘लागू दिली’ या क्रियापदाचाही नव्हता. ‘लागली’च्या जागी ‘लावली’ असे लिहिण्याचे धैर्य वार्ताहर, पोलीस आणि शेजारी यांच्यात असण्याचा होता.

महाराष्ट्राचा आग प्रतिबंधक व जीव संरक्षक उपाययोजना अधिनियम २००६ सालचा आहे. त्यातील मुख्य कर्तव्याच्या वाक्याला कर्ता आहे : इमारतीचा मालक किंवा भोगवटादार. उपाययोजना करणे, त्या चालू स्थितीत ठेवणे आणि वर्षातून दोनदा परवानाधारक संस्थेचे तसे प्रमाणपत्र सादर करणे हे त्याच्यावर बंधनकारक केले आहे. असे असूनही २९ डिसेंबर २०१७ रोजी मुंबईच्या कमला मिल आवारातील उपाहारगृहांच्या आगीत १४ जणांचा मृत्यू झाला. जुन्या गिरणीच्या जागेवर उभ्या राहिलेल्या या गच्चीवरील उपाहारगृहांत जीव गमावलेल्यांपैकी अनेक जण प्रसाधनगृहात आश्रयाला गेले होते आणि तेथे धुराने गुदमरले. लॉस एंजेलिसच्या रिकाम्या शाळेत १९५९ साली घड्याळ लावून मोजलेली गोष्ट, उष्णतेआधी धूर येतो ही, त्यांना कोणी पडद्यावर दाखविली होती की नाही याची नोंद अर्थातच कोठेही नाही.